निगुडकर सरांचा सत्ताविसावा ठोकळा

आदरणीय श्री. भालचंद्र निगुडकर सरांच्या पंचाहत्तरीनिमित्त निघणाऱ्या या गौरवग्रंथासाठी मी लिहावं, असं संपादक मंडळाने कळवलं तेव्हा मला आनंद झाला आणि पाठोपाठ धास्तीही वाटली. आनंद अशासाठी की सर माझे गुरू, आणि पुढे बरीच वर्षं आम्ही एकाच शाळेत गणित शिकवलं. धास्ती अशासाठी की सरांविषयी खरं लिहायचं तर मला आधी एक चोरी कबूल करणं भाग होतं. शिवाय एका बाबतीत माझ्या डोक्यात लहानपणापासून जो घोळ बसला आहे, तो अजून सुटलेला नाही. गौरवलेखात असला घोळ लिहितात की नाही, मला माहीत नाही. संपादकांना नको वाटलं तर त्यांनी खुशाल खोडावं.

सरांची आणि माझी पहिली ओळख झाली तेव्हा मी ग्वाल्हेरच्या लष्कर भागातल्या एका शाळेत आठवीत होते, मराठी वर्गात. राज्यांच्या पुनर्रचनेचं वर्ष होतं ते. आमचे आजोबा स्वतःला ग्वाल्हेर संस्थानचे म्हणवत. वडील मध्य भारत राज्याच्या दप्तरात कारकून होते. आणि एके दिवशी शाळेत सांगितलं की आजपासून आपण मध्य प्रदेशात. मी घरी येऊन बघितलं तर घर तेच, नळ तोच, नळाला पाणी नव्हतं तेही तसंच. मग बदललं काय, हे मला कुणी समजावून सांगेना. वडिलांना विचारलं तर म्हणाले, “आमचं दप्तर भोपाळला चाललं, हे बदललं.”

अशा दिवसांत सर आमच्या वर्गावर आले. तिशीचे असतील. पांढरा पायजमा, वर कोट, आणि खांद्याला जाड खादीची पिशवी. गावाच्या रिवाजाप्रमाणे आम्ही सगळ्या शिक्षकांना ‘मास्साब’ म्हणत असू. नव्या मास्साबांच्या पिशवीतून पुस्तक निघेल असं वाटलं, तर त्यांनी ती टेबलावर उपडी केली आणि लाकडाचे सत्तावीस ठोकळे खडखडत बाहेर आले. सगळे एका मापाचे, अंगठ्याच्या पेराएवढे. त्यांनी आठ ठोकळे जुळवून एक मोठा ठोकळा केला, मग सत्तावीसचा त्याहून मोठा केला, आणि म्हणाले, “आता याची कड मोजा. तीन. सत्ताविसाचं घनमूळ तीन. पाठ नका करू, बघा.” मला गणिताची भीती वाटे, पण त्या दिवशी पहिल्यांदा वाटलं, अरे, हे तर दिसतंय की!

सरांचा एक नियम होता, तो त्यांच्या सगळ्या विद्यार्थ्यांना तोंडपाठ आहे. अपूर्णांक समोर आला की आधी संक्षेप, मग मूळ. म्हणजे अंश आणि छेद यांना ज्या आकड्याने भाग जातो त्याने तो अपूर्णांक लहान करून घ्यायचा, आणि मगच घनमूळ काढायला बसायचं. सोळा छेद चोपन्न बघून ‘याचं घनमूळ नाही’ म्हणून मोकळ्या होणाऱ्या पोरांना ते म्हणत, “धूळ झटकल्याशिवाय चेहरा दिसतो का? दोनाने भाग घाल.” भाग घातला की आठ छेद सत्तावीस निघायचं आणि घनमूळ दोन-तृतीयांश. हाच नियम सरांनी बाकी आयुष्यालाही लावला. शाळेच्या समारंभात प्रमुख पाहुणे तासभर बोलत, सर आभार मानायला उठत आणि चार वाक्यांत बसत. लोक टाळ्या वाजवत त्या बहुतेक सुटकेच्या असत.

सरांचा दुसरा रिवाज या लेखासाठी महत्त्वाचा आहे, म्हणून नीट सांगते. उत्तर चुकलं तर सर शून्य देत नसत. म्हणजे गुण द्यायचे नाहीतच, पण शून्याचा आकडाही लिहायचे नाहीत. चुकलेल्या उत्तरावर बारीक फुली, आणि शेजारी समासात लाल शाईने बरोबर उत्तर. ते म्हणत, “शून्य घेऊन पोर घरी काय करणार? उत्तर तरी घेऊन जाईल.” मिळालेल्या गुणांचा तक्ता ते पहिल्या पानावर वेगळा मांडत. संस्थानच्या काळापासून आमच्याकडे अशीच पद्धत होती.

त्या वर्षी पद्धत बदलली. मराठी वर्ग मोडून हिंदी वर्गात मिसळायचे ठरले, आणि कोण वर जाणार, कोण त्याच इयत्तेत राहणार, हे ठरवायला एक चाचणी लागली. अपूर्णांकाला आता ‘भिन्न’ म्हणायचं, छेदाला ‘हर’ म्हणायचं. आम्ही पोरं पार गांगरलो. ‘भिन्न म्हणजे वेगळं ना? कशापेक्षा वेगळं?’ असं मी विचारलंही. सर चिडले नाहीत. त्या महिन्यात ते स्वतः मोकळ्या तासाला हिंदी वर्गाच्या शेवटच्या बाकावर वही घेऊन बसत, हिंदीच्या मास्साबांचे शब्द उतरवून घेत, आणि दुपारी ते आम्हाला शिकवत. स्वतः शिक्षक असून पोरांच्या शेजारी बाकावर बसलेले सर मी खिडकीतून बघितले आहेत. हिंदी वर्गातली मुलं हसत, आणि सर त्यांनाच विचारत, “बेटा, ये कैसे लिखते हो?”

आमच्या घरात याच चाचणीवर माझं सगळं अडकलं होतं. वडील भोपाळला निघाले, आई आणि धाकटी भावंडं बरोबर. मला ग्वाल्हेरातच, इंदरगंजला काकांकडे ठेवायचं की नाही, यावर घरात दोन दिवस बोलणं चाललं. शेवटी वडील म्हणाले, “सुधे, पास झालीस तर इथं राहून शीक. एक वर्ष वाया गेलं तर मात्र भोपाळला चल. आईच्या हाताखाली कुणीतरी लागेलच. शिक्षण झालं तेवढं पुरे.” आणि हे ते शाळेत जाऊन सरांनाही सांगून आले. मला लाज वाटली. पुढे त्या लाजेची जागा संशयाने घेतली, पण ते नंतर सांगते.

चाचणी पन्नास गुणांची, पास व्हायला सतरा हवे. पाचवा प्रश्न होता, ‘तीन छेद चोवीस याचे घनमूळ काढा.’ मी नियमाप्रमाणे संक्षेप केला. एक-अष्टमांश आला. आठाचं घनमूळ दोन, एकाचं एक. लिहिलं, अर्धा. आणि मग माझं डोकं फिरलं. अष्टमांश म्हणजे भाकरीचा इतकुसा तुकडा, आणि अर्धा म्हणजे अर्धी भाकरी! मूळ काढलं की आकडा लहान होतो, हे तर मी ठोकळ्यांत डोळ्यांनी बघितलं होतं. आठाचे दोन होतात, सत्ताविसाचे तीन होतात. मग इथं वाढला कसा? कुठंतरी चुकलं असणार. मी तो अर्धा खोडला, चांगला दोनदा खोडला, आणि खाली लिहिलं, ‘मूळ काढल्यावर संख्या मोठी कशी होते ते समजत नाही, म्हणून उत्तर येत नाही.’

बाहेर आल्यावर सगळ्या मुली म्हणाल्या, “अर्धा!” मी भांडले. त्या हसल्या. आत वर्गात टेबलावर सरांची पिशवी होती आणि सर दुसऱ्या वर्गात गेले होते. मी पिशवीत हात घातला, एक ठोकळा काढला आणि घरी नेला. मला सगळ्यांना खोटं पाडायचं होतं. हीच ती चोरी.

घरी काकू कणीक मळून ठेवून पूजेला बसल्या होत्या. त्या कणकेचे मी ठोकळ्याच्या मापाचे सात ठोकळे केले, लाकडाचा आठवा, आणि जुळवून मोठा केला. दोऱ्याने कड मोजली. लहान ठोकळ्याची कड मोठ्याच्या कडेच्या बरोबर निम्मी. ठोकळा आठवा हिस्सा, त्याची कड अर्धी! मी पुन्हा मोजली. तेवढ्यात काकू आल्या. “अगं कार्टे, ही काय खेळायची चीज आहे? तुझे काका जेवायला येतील आत्ता, त्यांच्या ताटात हे चौकोन वाढू?” पाठीत एक धपाटा बसला. मी रडत होते, पण धपाट्यामुळे नाही. बरोबर आलेलं उत्तर मी आपल्या हाताने खोडलं होतं.

मग मी मनात हिशेब केला. प्रश्नामागून प्रश्न, किती गुण मिळतील. कितीही ओढाताण केली तरी साडेसोळाच्या वर जाईना. म्हणजे नापास. मी आईच्या हाताखाली काय काय करावं लागेल त्याची मनाची तयारी सुरू केली.

निकाल लागला. गणितात सतरा.

वडील खूष, काकू खूष, मला मात्र काही कळेना. अर्धा गुण आला कुठून? सरांना माझ्या घरची परिस्थिती माहीत होती. त्यांनी दया करून मला पास केलं असेल का? विचारायची हिंमत झाली नाही, कारण विचारायला जायचं तर ठोकळाही परत करावा लागला असता. आज जाईन, उद्या जाईन, करता करता सरांची मुरैन्याला बदली झाली. मी काकांकडे राहिले, शिकले, आणि नशिबाची गंमत बघा, गणिताचीच शिक्षिका झाले. आणि जिथं मला लावलं, तिथं गणित विभागाचे प्रमुख म्हणून कोण बसलेलं? निगुडकर सर! म्हणाले, “या सुधाबाई. आता तुम्ही आमच्या पंक्तीत.” कालच्या मुलीला ‘तुम्ही’ आणि ‘बाई’ म्हणणारे सर तेव्हाही तितकेच सहज होते.

पिशवीही तीच होती. पहिल्याच आठवड्यात सरांनी वर्गात सत्तावीसचा ठोकळा जुळवला आणि मी दारातून बघितलं. सव्वीस लाकडी, आणि एक कागदाचा. घड्या घालून, खळ लावून केलेला, पिवळट पडलेला. तो ते नेहमी अगदी मधोमध ठेवत. चारी बाजूंनी, वरून, खालून लाकडी ठोकळे आले की तो कुणाला दिसत नसे. मला मात्र तो दिसत राही. माझा ठोकळा माझ्या कपाटात, साड्यांखाली.

सरांच्या सचोटीविषयी या ग्रंथात पुष्कळ जण लिहितील. मी एकच प्रसंग सांगते. एका बड्या अधिकाऱ्यांची मुलगी अर्ध्या गुणाने नापास झाली. साहेब स्वतः शाळेत आले, गोड बोलले, मग जरा कमी गोड बोलले. सर म्हणाले, “साहेब, अर्धा गुण माझ्या खिशात नाही. असता तर सगळ्यांनाच वाटला असता.” आणि मग पूर्ण उन्हाळा त्या मुलीला घरी बोलावून, पन्हं पाजून, एक पैसा न घेता शिकवलं. पुरवणी परीक्षेत ती चांगली पास झाली. शिक्षकांच्या खोलीत सगळे धन्य धन्य म्हणत होते आणि मी कोपऱ्यात बसून घाम पुसत होते. हिला अर्धा गुण नाही, तर मला कसा? आणि मला दिला असेल, तर मी इथं बसून मुलांचे पेपर कोणत्या तोंडाने तपासते आहे? हा प्रश्न मी नोकरीची सगळी वर्षं बरोबर घेऊन फिरले. दरवर्षी एखादी मुलगी उठायचीच, “मॅम, रूट निकाला तो नंबर बढ़ कैसे गया?” की मी घाईने फळ्याकडे वळायचे.

हा लेख लिहायचं ठरलं तेव्हा मी शेवटी ठोकळा पर्समध्ये टाकला, महाराज बाड्याच्या चौकातून प्रवासी टेम्पो धरला आणि सरांकडे गेले. सरांनी स्वतः चहा केला. मी कप हातात घेतला आणि चहा निवेपर्यंत इकडचं तिकडचं बोलत राहिले. मग एकदम ठोकळा काढून टेबलावर ठेवला.

“सर, हा मी नेला होता. आठवीत. चोरून.”

सरांनी चष्मा लावला, ठोकळा उलटसुलट फिरवला. “तुम्ही होय? मला वाटलं, हिंदी वर्गातल्या कुणी नेला असेल. उगाच त्यांच्यावर संशय घेतला इतकी वर्षं.” मग उठून त्यांनी पिशवी आणली. कागदाचा ठोकळा काढला आणि माझ्यासमोर ठेवला. “घ्या. याची जागा गेली. आणि हा तसाही तुमचाच आहे. उघडा.”

खळ वाळून गेली होती, घड्या आपसूक सुटल्या. आत माझं अक्षर होतं. माझी उत्तरपत्रिका. पाचवा प्रश्न, दोनदा खोडलेला अर्धा, खाली माझं ते ‘समजत नाही’. त्यावर बारीक फुली. आणि समासात लाल शाईने, सरांच्या सुंदर अक्षरात, १/२.

“सर, हा… अर्धा गुण दिला होता तुम्ही?”

“नाही हो! ते बरोबर उत्तर आहे. माझी जुनी सवय.” सर ओशाळून हसले. “त्या वर्षी नवा नियम आला होता, गुण समासात लिहायचे, तक्ता नको. मी गुण समासात लिहिले, पण हात उत्तरंही तिथंच लिहून गेला. बेरजेला कचेरीत नवीन माणूस बसला होता, त्याला आपली पद्धत काय मालूम? दुसऱ्या कुणाच्या समासात दोन-तृतीयांश दिसलं, ते त्याने सोडून दिलं, कारण दोन-तृतीयांश गुण कुणी देत नाही. अर्धा मात्र देतात. तुमच्या बाकीच्या चुकांची उत्तरं मोठाल्या आकड्यांत होती, ती त्याने सोडली, पण हा अर्धा बेरजेत धरला. साडेसोळाचे सतरा झाले.”

माझं शिक्षण, माझी नोकरी, हे सगळं एका कारकुनाच्या बेरजेवर उभं होतं! “म्हणजे मी नापासच झाले होते?”

“तेच तर मला ठरवता आलं नाही,” सर म्हणाले. “निकाल लागल्यावर माझ्या लक्षात आलं. सांगायला निघालो होतो, खरंच निघालो होतो. दारापर्यंत गेलो. मग पुन्हा पेपर बघितला. संक्षेप बरोबर. उत्तर आलेलं. खोडलंत, पण का खोडलंत ते लिहिलंत. वर्गात चाळीस मुलं होती, बाकी सगळ्यांनी अर्धा लिहिला, आणि कुणालाही तो मोठा वाटला नाही. मग याला अर्धा गुण द्यावा की नाही? मी दोन दिवस विचार केला. इतक्यात माझी बदली झाली. पेपर गठ्ठ्यातून काढून घेतला होता, तो परत ठेवायचा राहिला. आयुष्यात एवढ्या एकाच बाबतीत मी गप्प बसलो.”

“आणि मग त्याचा ठोकळा केलात?”

“एक कमी होता ना. मधला नसला तर वरचा खाली पडतो. लाकूड नव्हतं, हा कागद हाताशी होता.” सरांनी कागदाची घडी बोटाने सपाट केली. “शिवाय दरवेळी हातात यायचा. विसरायला नको म्हणून.”

मी रडले. सरांनी मला रडू दिलं आणि गार झालेला चहा परत गरम करून आणला. मग मी विचारलं, “आता तरी ठरलं का, सर?” सर म्हणाले, “नाही बुवा. तुम्ही इतकी वर्षं पेपर तपासलेत. तुम्ही सांगा.” मी पेपर हातात घेतला, शिक्षिकेच्या नजरेने वाचायचा प्रयत्न केला. ती पोरगी मला आवडली, पण गुण देता येईना. तिकडे सर परत आलेला धरून सत्तावीस ठोकळे जुळवत बसले होते. बऱ्याच वर्षांनी ठोकळा मध्ये पोकळ वाजला नाही.

तर असा हा घोळ आहे. लेख लिहून संपत आला आणि मी पास झाले की नाही हे मला अजून माहीत नाही. सरांविषयी मात्र एक गोष्ट आता पक्की ठाऊक झाली. अर्ध्या गुणावर एवढी वर्षं प्रामाणिकपणे गोंधळलेला माणूस मी दुसरा पाहिलेला नाही, आणि त्यांच्या हाताखाली मी शिकले याचा मला फार फार अभिमान वाटतो.

आता शुभेच्छा. सर, पंचाहत्तरीचा हा सोहळा आम्ही हौसेने करतो आहोत, पण तुमची विद्यार्थिनी म्हणून मला त्यात एक खोट दिसते. पंचाहत्तरचं घनमूळ नीट निघत नाही. चौसष्टाचं निघालं असतं, ते साल आम्ही वेंधळ्यांनी घालवलं. पुढची नीट येणारी संख्या सव्वाशे, घनमूळ पाच. तेव्हा खरा सत्कार त्या वर्षी करू. तुम्ही धडधाकट, पिशवी खांद्याला लावून, स्वतःच्या पायांनी यायचं आहे. माझ्या अर्ध्या गुणाचा निर्णय तुम्ही त्या दिवशी सगळ्यांसमोर जाहीर करावा. तोवर माझा निकाल राखून ठेवलेला आहे, आणि राखून ठेवलेला निकाल न लावता परीक्षकाने उठून जायचं नसतं, हे तुम्हीच आम्हाला शिकवलं आहे.